कुर्डीचं घर पाण्याखाली, आजोबांचं फुटेज एक सेकंदही नाही, मग फिल्म कशाची करायची?

प्रश्न आधी थोडक्यात सांगतो म्हणजे बाकी वाचणाऱ्यांनाही संदर्भ लागेल. आजोबा गोव्यातल्या सांगे तालुक्यातल्या कुर्डीचे, पन्नासच्या दशकात लॉरेन्सो मार्किसला, म्हणजे आजच्या मापुतोला, कारकून म्हणून गेले आणि तिथेच वारले. मुलगी मुंबईत दिली, तिच्या पोटी तुम्ही, दादरला वाढलात, आता टोरांटोत. हाताशी अकरा फोटो, एक पोर्तुगीज पासपोर्ट आणि आजोबांनी १९७८ च्या सुमारास आपल्या बहिणीला पाठवलेली एक कॅसेट. गोव्याच्या वंशाचा अमेरिकन फिल्ममेकर सुनील संझगिरी, त्याच्या शॉर्ट फिल्म्स बघितल्यात, अर्ध्या कळल्या अर्ध्या डोक्यावरून गेल्या, पण करायचं तर असंच काहीतरी करायचंय. आणि विचारताय की फुटेज नाही तर आर्काइव्हमधून तेव्हाच्या गोव्याचं आणि आफ्रिकेचं फुटेज विकत घेऊन लावू का, नाहीतर एआयने फोटो हलते करू का.

दोन्ही नको. का ते सांगतो, जरा लांबेल.

मी बावीस वर्षं एडिटिंग करतोय, त्यातली दहा-बारा वर्षं असल्याच कामांवर, कोणाची आजी कोणाचं गाव कोणाची फाळणी. सुरुवातीच्या काळात एक फिल्म कापली होती, एक बाई सांगतायत की लहानपणी मुरगावहून गाडीत बसून वडिलांबरोबर घाट चढून आलो, आणि माझ्याकडे दाखवायला काहीच नव्हतं, म्हणून मी कुठल्यातरी जुन्या माहितीपटातलं वाफेचं इंजिन लावलं, धूर, बोगदा, सगळं झकास, डायरेक्टरही खूश. पहिल्याच स्क्रीनिंगला मागच्या रांगेतले एक रिटायर्ड रेल्वेवाले उठले आणि म्हणाले, इंजिन ब्रॉडगेजचं आहे, मुरगाव लाइन तेव्हा मीटरगेज होती. झालं. त्यानंतर त्या बाई पडद्यावर जे जे बोलल्या त्यावर त्या गृहस्थांचा विश्वास राहिला नाही, आणि चूक बाईंची नव्हती, माझी होती. पण खरं सांगू, मला त्या गृहस्थांपेक्षा उरलेल्या ऐंशी जणांनी जास्त त्रास दिला, ज्यांना काही खटकलंच नाही. त्यांच्या डोक्यात बाईंची आठवण म्हणून आता कायमचं ते दुसऱ्याचं इंजिन बसलंय.

भोक बुजवलं की असं होतं. आठवणीला भोक असतं, आपण तिथे सुंदर ठिगळ लावतो, आणि मग भोक होतं हेच कोणाला कळत नाही. तुमच्या केसमध्ये तर ते भोक हीच मुख्य गोष्ट आहे.

आता संझगिरीकडे येऊ, कारण तुम्ही त्याच्या युक्त्या बघितल्यात पण त्या कशामुळे आल्या ते निसटलंय असं प्रश्नावरून वाटतं. तो अमेरिकेत जन्मलेला, वाढलेला, वडील गोव्यातल्या कुडचड्याचे. १९६१ च्या डिसेंबरात भारतीय सैन्याने गोवा घेतलं तेव्हा वडील अठरा वर्षांचे आणि नुकतेच मुंबईत आलेले, म्हणजे आपलं गाव स्वतंत्र झालं ही बातमी त्यांना लांबूनच कळली. २०१९ च्या पहिल्या फिल्ममध्ये तो काय करतो, वडिलांशी स्काइपवर बोलतो आणि ते स्काइपच दाखवतो. स्वतःच्या कंप्युटरचा स्क्रीन दाखवतो, ड्रोनमधून गाव दाखवतो, १६ एमएम फिल्मवरचं चित्रण दाखवतो, सत्तरच्या दशकातल्या समांतर सिनेमातले तुकडे घेतो. आपल्याला वाटतं हे सगळं स्टाइलसाठी. पण या प्रत्येक गोष्टीत एक साम्य आहे, हे सगळे लांबून बघण्याचे प्रकार आहेत. तो गावात राहिलेला नाही, आणि राहिल्याचा आवही आणत नाही. वडील अठराव्या वर्षी लांब होते, मुलगा तर समुद्रापलीकडे जन्मला, त्यामुळे फिल्म तुम्हाला आत नेतच नाही, कुंपणाबाहेरून दाखवते आणि कुंपणही दाखवते.

दुसरी फिल्म २०२० ची, पत्राच्या रूपात. पत्र कोणाला, तर दूरच्या नात्यातले कॉम्रेड प्रभाकर संझगिरी, महाराष्ट्रातले मार्क्सवादी पक्षाचे नेते, आंबेडकरांवर लिहिलेले, मराठी वाचकाला नाव ओळखीचं असेल. ही फिल्म त्याने २००२ साली मुदत संपलेल्या १६ एमएम स्टॉकवर केली, आणि ते साल गुजरातच्या हिंसाचाराचं म्हणून मुद्दाम निवडलेलं. पडद्यावर शाहीन बाग येतं तेव्हा ते त्या जुन्या, बिघडलेल्या इमल्शनमधून, म्हणजे फिल्मवरच्या रसायनाच्या थरातून, दिसतं. आता हे कळल्यावर पुष्कळ पोरं ऑनलाइन एक्स्पायर्ड रोल शोधायला लागतात. अरे बाबांनो, रोल जुना असणं महत्त्वाचं नाही, त्यावरची तारीख महत्त्वाची होती. तुमच्याकडे अशी तारीख असेल तर घ्या, नुसता गुलाबी-हिरवा रंग पाहिजे असेल तर तो सॉफ्टवेअरमध्ये फुकट मिळतो आणि तेवढ्याच लायकीचा असतो.

तिसरी २०२१ ची, ती मला सगळ्यात जास्त आवडते. त्यात वडिलोपार्जित घराचं थ्रीडी स्कॅन आहे, ठिपक्या-ठिपक्यांचं घर, आणि त्यातून वडील फिरतात. हे स्कॅन करण्याचं तंत्र तेच जे खाण कंपन्या लोहखनिज कुठे आहे ते मोजायला वापरतात. ज्यांना तो पट्टा माहीत नाही त्यांच्यासाठी सांगतो, कुडचडे-सांगे म्हणजे खाणींचा भाग, लाल धुळीचा. इथल्या खाणींचे परवाने मुळात पोर्तुगीजांनी दिलेले, ते गोवा भारतात आल्यावरही चालूच राहिले, १९८७ च्या कायद्याने त्यांची लीज झाली, आणि २०१८ मध्ये सुप्रीम कोर्टाने ८८ लीज रद्द केल्या तेव्हा कुठे चक्र थांबलं, तेही तेवढ्यापुरतं. म्हणजे ज्या यंत्राने डोंगर पोखरायचा त्याच यंत्राने घर जपायचं. लक्षात घ्या, इथे टेक्निक हाच युक्तिवाद आहे. व्हॉइसओव्हरमध्ये वसाहतवाद हा शब्द शंभर वेळा घालण्यापेक्षा हे एकच काम भारी.

तर आता तुमच्याकडे. संझगिरीचं स्कॅन उचलू नका, त्याचा प्रश्न उचला: मी ज्या साधनाने बघतोय ते साधन या गोष्टीत आधीपासून कोणाच्या हातात होतं?

आर्काइव्ह फुटेजचं उत्तर त्यातच आहे. तेव्हाच्या गोव्याचं आणि मोझांबिकचं जे फुटेज मिळेल ते बहुतेक कोणी काढलं? लिस्बनच्या सरकारने किंवा सरकारच्या मर्जीतल्या लोकांनी. १९५१ मध्ये पोर्तुगालने घटनेत बदल करून वसाहतींना 'सागरापारचे प्रांत' म्हणायला सुरुवात केली, म्हणजे शब्दच असा बदलला की आमच्याकडे वसाहती नाहीतच, आणि त्या काळच्या प्रचारी रिळांचं काम तेच होतं, बघा किती गुण्यागोविंदाने चाललंय. त्या फुटेजमध्ये तुमच्या आजोबांसारखा माणूस असलाच तर पाठमोरा, फाईल घेऊन जाणारा. ते फुटेज तुम्ही 'आजोबांचं जग' म्हणून लावलंत तर आजोबांना तुम्ही परत त्याच कॅमेऱ्यासमोर उभं केलंत. वापरायचंच असेल तर उलटं वापरा, ते कोणाचं आहे हे दिसू द्या, मूळचा पोर्तुगीज निवेदक ऐकू येऊ द्या, फ्रेम थांबवा, कोपऱ्यातल्या माणसावर जा. मी एका कामात तीन मिनिटांच्या न्यूजरीलमधला फक्त एक हमाल घेतला होता, दीड सेकंदाचा, तो परत परत आणला, आणि लोकांना तोच लक्षात राहिला.

फोटो एआयने हलते करण्याबद्दल मी फारसं बोलत नाही. आजोबा डोळे मिचकावतील, आई रडेल, आणि तुमच्याकडे असलेली सगळ्यात प्रामाणिक गोष्ट, म्हणजे ते स्थिर आहेत ही, ती गेली. सोडा.

मग चित्रच नसेल तर काय दाखवायचं, हा खरा प्रश्न, आणि त्यावर आधी काम झालेलं आहे. रिया ताजिरी म्हणून जपानी-अमेरिकन बाई आहेत, त्यांच्या आईला दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेने ॲरिझोनाच्या वाळवंटातल्या छावणीत डांबलं होतं. आईला त्यातलं जवळजवळ काही आठवत नाही. मुलीच्या डोक्यात मात्र एक चित्र, की आई वाळवंटात नळावर पाण्याची बाटली भरतेय. कुठून आलं माहीत नाही, कोणी शूट केलेलं नाही. ताजिरींनी १९९१ च्या व्हिडिओत ते चित्र स्वतः घडवलं, आणि हे घडवलेलं आहे हे लपवलं नाही. तुमच्याकडे असं एखादं चित्र असणारच. आईने कधीतरी बोलता बोलता सांगितलेलं, तुम्ही कधी न पाहिलेलं पण डोळ्यासमोर लख्ख असलेलं. ते एकच शोधा. दहा नको.

आता कुर्डी. तुम्ही लिहिलंय की मे महिन्यात जाऊन ड्रोन शॉट घेणार. हो, उन्हाळ्यात साळावली धरणाचं पाणी ओसरतं आणि कुर्डीची जोती वर येतात, जुने लोक सोमेश्वराच्या देवळाशी आणि चॅपेलशी जमतात, सगळं खरं. पण भेगाळलेल्या मातीवरून वर चढणारा ड्रोन आता इतका झालाय की बघणाऱ्याचं डोकं आपोआप बंद होतं, अरे वा सुंदर, पुढे. त्याच्याऐवजी पाणी भरलेलं असताना जा की. डिसेंबरात जा. काहीच दिसत नाही तेच शूट करा, नुसतं पाणी, आणि त्यावर आजोबांचा कॅसेटमधला आवाज घराचं वर्णन करतोय. मला तर आत्ताच ते दिसतंय.

आणि एक गोष्ट जिच्याकडे तुमचं लक्ष गेलेलं दिसत नाही. घर पोर्तुगीजांनी बुडवलं नाही. गोवा १९६१ ला भारतात आलं, धरणाचं काम सत्तरच्या दशकात सुरू झालं, ऐंशीच्या दशकात गाव पाण्याखाली गेलं. आपल्याच सरकारने, आपल्याच लोकांच्या पाण्यासाठी. तुमच्या प्रश्नात सगळीकडे 'वसाहतवादाने आमचं घर नेलं' असा सूर आहे, तो फिल्ममध्ये आला तर सांग्यातला कोणीही माणूस हसेल. उत्तर-वसाहत म्हणतात त्यातलं 'उत्तर' हेच आहे ना, झेंडा बदलल्यावर काय काय तसंच राहिलं आणि काय नवीन गेलं. संझगिरीच्या खाणी तेच सांगतात, तुमचं धरण तेच सांगेल, फक्त तुम्ही सोयीचा खलनायक शोधू नका.

त्याच ओघात, रागावू नका, पण विचारतो. ते घर कोणाचं होतं? म्हणजे तुमच्या आजोबांचं भाटकाराचं घर, की मुंडकाराचं? गोव्याबाहेरच्यांसाठी, भाटकार म्हणजे जमिनीचा मालक, मुंडकार म्हणजे त्याच्या जमिनीत घर करून राहणारा, ज्याला मालक म्हणेल तेव्हा उठावं लागे, त्यांना संरक्षण देणारा कायदा १९७५ मध्ये आला. परदेशात बसून केलेल्या आठवणींच्या फिल्म्समध्ये एक मोठं घर असतं, पडवी असते, आंब्याचं झाड असतं, आणि ते झाड शिंपणारा माणूस नसतो. मी अशा निदान सात-आठ फिल्म्स कापल्यात आणि दर वेळी डायरेक्टरला हाच प्रश्न विचारतो, दोघांनी मला काढून टाकलं. संझगिरी कॉम्रेड प्रभाकरांकडे आणि त्यांच्यामार्फत आंबेडकरांकडे वळतो ते मला म्हणूनच पटतं, नात्यातला माणूस निवडताना त्याने घराण्याचा अभिमान निवडला नाही, राजकारण निवडलं.

मोझांबिकबाबतही तेच. आजोबा तिथे कारकून होते म्हणजे कोणाचे कारकून? गोव्याची बरीच माणसं तिथे वसाहतीच्या कचेऱ्यांत मधल्या पायरीवर होती, वर गोरे, खाली आफ्रिकन. आणि त्याच वेळी बार्देशात जन्मलेले आकिनो द ब्रागांसा फ्रेलिमोच्या, म्हणजे मोझांबिकच्या स्वातंत्र्यासाठी लढणाऱ्या संघटनेच्या, बाजूने लढ्यात होते, पुढे मोझांबिकचे पहिले राष्ट्राध्यक्ष समोरा माशेल यांच्याबरोबर १९८६ च्या विमान अपघातात गेले. संझगिरीचं २०२३ चं काम याच गोवा-आफ्रिका धाग्यावर आहे, त्यात सिता व्हालेस येते, गोवेकर आईबापांची अंगोलात जन्मलेली मुलगी, जिला १९७७ मध्ये तिथल्याच स्वतंत्र सरकारने मारलं. तुमचे आजोबा या दोन टोकांच्या मध्ये कुठे होते? कदाचित कुठेच नव्हते, नोकरी करत होते, पगार पाठवत होते. तेही चालेल, पण मग तसं म्हणा, त्यांना क्रांतिकारक करू नका.

पासपोर्ट मात्र सोनं आहे. विचार करा, डिसेंबर १९६१ ला गोवा पडल्यावर पोर्तुगालने मोझांबिकमधल्या भारतीय नागरिकांना पकडून छावण्यांत ठेवलं, मालमत्ता गोठवली, पुढे हाकललं. गोवेकराकडे पोर्तुगीज कागद असला तर तो वाचला. गाव भारतात, पासपोर्ट पोर्तुगालचा, खुर्ची मोझांबिकमध्ये. पोर्तुगालने गोवा भारताचं हे कागदोपत्री मान्य केलं थेट ३१ डिसेंबर १९७४ ला, म्हणजे तेरा वर्षं आजोबा अशा प्रांताचे रहिवासी होते जो फक्त लिस्बनच्या फाईलमध्ये शिल्लक होता. मग सहा महिन्यांनी, जून १९७५ ला, मोझांबिक स्वतंत्र, वर्षभरात शहराचं नावही बदललं. माणूस खुर्चीवरून हलला नाही आणि देश तीनदा बदलले. यावर अजून काही लिहायची गरज आहे का? पासपोर्टचं एकेक पान, शांतपणे, मॅक्रो लेन्सने, शिक्के वाचता येतील इतका वेळ. आणि नाव कसं लिहिलंय ते दाखवा. पोर्तुगीज दप्तरात प्रभूचा 'पोरोब' होतो, कामतचा 'कामोतिं', शेणवी 'सिनाय' होतो. तुमच्या आडनावाचं काय झालंय ते तुम्ही सांगितलं नाहीत, पण आईने ते मोठ्याने वाचताना जिथे ती अडखळेल तो तुमचा शॉट.

भाषेवरून आठवलं. कॅसेटमध्ये कोकणी आहे, मध्ये मध्ये मराठी, हिशेबाचे आकडे पोर्तुगीजमध्ये, आणि तुम्हाला त्यातली अर्धीच कळते असं म्हणालात. मग सबटायटल पूर्ण का द्यायचे? जेवढं तुम्हाला कळतं तेवढेच द्या. बघणारा तुमच्याइतकाच बहिरा राहू दे. मोना हाटुम यांनी १९८८ मध्ये बैरूतहून आलेली आईची पत्रं घेऊन व्हिडिओ केला, अरबी अक्षरं पडद्यावर जाळीसारखी पसरलेली आणि त्यांच्याआड आईचं शरीर, वाचता न येणाऱ्याला ती अक्षरं आडच येतात. तुमच्याकडे आवाज आहे, तुम्ही तेच कानाने करू शकता. फेस्टिव्हलवाले सबटायटल मागतील, तेव्हा त्यांना समजावून सांगा, ऐकतात बहुतेक.

आणि आईला कॅसेट ऐकवताना तिचं रेकॉर्डिंग करा. कॅमेरा नकोच, नुसता माइक. लोक आवाज ऐकताना जे 'अं', 'हो हो', मध्येच हसणं करतात, ते इंटरव्ह्यूत कधीच मिळत नाही. तिला आधी सांगा मात्र की हे फिल्ममध्ये येऊ शकतं, आणि नंतर कापलेलं ऐकवून परत विचारा. घरचं माणूस नाही म्हणत नाही म्हणून तो होकार नसतो, हे मी एका मावशींच्या बाबतीत फार उशिरा शिकलो.

१६ एमएमचं विचारलंय. १०० फुटांचा एक रोल २४ फ्रेमने पावणेतीन मिनिटं चालतो, त्यामुळे बजेट बघूनच बोला. तुमच्या फिल्ममध्ये एकच जागा मला फिल्मची वाटते ती म्हणजे ते पाणी, दोन रोल पुरे. जुना स्टॉक वापरणार असाल तर ढोबळ हिशेब असा की दर दहा वर्षांमागे एक स्टॉप, म्हणजे दुप्पट प्रकाश, जास्त एक्स्पोज करा, पण तो फ्रिजमध्ये होता की कोणाच्या माळ्यावर, यावर सगळं अवलंबून, म्हणून आधी थोडा तुकडा टेस्ट करा. बाकी सगळं फोनवर, स्क्रीनवर करा, तुम्ही टोरांटोत आहात, आईशी रोज व्हिडिओ कॉलवर बोलता, ते अडकणारं चित्र हाच तुमचा खरा कॅमेरा. लांबी बारा ते पंधरा मिनिटं. अकरा फोटोंना चाळीस मिनिटं पेलत नाहीत, आणि अकराच्या अकरा दाखवलेच पाहिजेत असंही नाही.

हे सगळं नंतर. या आठवड्यात फक्त कॅसेट वाचवा. घरच्या जुन्या प्लेअरमध्ये घालू नका, आधी टेप ओढणारं रबर आणि टेप वाचणारं हेड साफ असलेला चांगला कॅसेट डेक मिळवा, एकदा पूर्ण पुढे आणि पूर्ण मागे फिरवून घ्या म्हणजे चिकटलेली टेप सुटते. हेडचा कोन जुळवणारा छोटा स्क्रू असतो तो जाणकाराकडून आवाज उघडेपर्यंत फिरवून घ्या, यानेच निम्मा फरक पडतो. २४ बिट, ९६ किलोहर्ट्झला घ्या, आणि नॉइज रिडक्शन अजिबात लावू नका. ती खरखर काढताना सॉफ्टवेअर श्वास खातं, मागचा पंखा खातं, रस्त्यावरून गेलेली गाडी खातं, आणि मापुतोतली ती खोली तुमच्याकडे फक्त तेवढ्यातच शिल्लक आहे. आणि हो, कॅसेटच्या मागच्या कडेला दोन छोटे प्लॅस्टिकचे तुकडे असतात, ते अजून शाबूत असतील तर डेकमध्ये घालायच्या आधी तोडून टाका, म्हणजे चुकून कोणाचा हात रेकॉर्डच्या बटणावर पडला तरी वर काही चढणार नाही.